काकांच्या इटालियन बागेत व्याहीणबाई

बेडोक, सिंगापूर
भाऊबीज, २०१३

तीर्थरूप साधनाआत्यास,

क्षितिजचा समुद्र ओलांडून आलेला आणि त्यामुळे जरा दमट झालेला नमस्कार. तुझा गुडघा कसा आहे? (डावा. उजव्याची चौकशी मागच्या पत्रात झाली.) मिरजेत थंडी सुरू झाली का? इथे थंडी फक्त मॉलमध्ये मिळते, बाहेर बाराही महिने आपला वैशाख, वर रोज दुपारी पाऊस. परसातला शेवगा धरला का, तेही कळव. आम्ही सगळे इथे जिवंत आहोत. 'खुशाल' लिहिणार होतो, पण शनिवारी जे झालं त्यानंतर 'जिवंत' हाच शब्द आधी सुचला. हे सगळं फोनवर सांगता आलं असतं, पण फोनवर तू दुसऱ्या वाक्याला "जेवलास का" विचारतेस आणि तिथून विषय वांग्यावर जातो. पत्रात तुला मध्ये बोलता येत नाही, म्हणून पत्र.

तुला वाटत असेल की मी अजून पुंगोलला माझ्या मित्राकडे, सुयशकडेच आहे. नाही. सुयशचं घर छान, पण तो सकाळी वन-नॉर्थला ऑफिसात गेला की मी मोकळा, आणि पुंगोलला एक छोटी बिनड्रायव्हरची गाडी आहे, ती इमारतींमधून गोल गोल फिरते आणि निघाली तिथेच परत येते. मी एकदा पुढच्या काचेपाशी बसलो तो दुपारपर्यंत उतरलोच नाही. (बाबा म्हणतील, हेच तू कोल्हापूरला डिप्लोम्याचं केलंस. म्हणू देत.) संध्याकाळी सुयशने रवीकाकांना फोन केला की तुमच्या पुतण्याला काहीतरी कामाला लावा. काका म्हणाले, काम देता येणार नाही, तो पाहुणा म्हणून आलाय, इथले कायदे कडक आहेत. पण घरच्या माणसाने घरच्या बागेत हात लावला तर त्याला काम म्हणत नाहीत. असा मी बेडोकला आलो आणि हात लावायला लागलो. तो हात अजून सुजलेला आहे.

बाग म्हणजे कुठली, तर इटालियन. तुझ्या भावाला निवृत्तीनंतर इटालियन बाग का सुचली हे समजण्यासाठी त्याच्या लेकीचं, इशिताचं कळायला हवं, ते तुला अर्धवट कळलेलंच आहे. तिच्या ऑफिसात माउरो नावाचा मुलगा आहे, इटलीचा. गुणी आहे, वरणभात खातो, चपला दाराबाहेर काढतो. काका सहा महिने त्याच्याशी फक्त हवामानावर बोलले. मग एकदा त्याने काकांच्या हातचा चहा पिऊन कप स्वतः विसळला आणि काका विरघळले. अडचण उरली ती त्याच्या आईची. ही बाई एकुलत्या एका मुलाला सातासमुद्रापार द्यायला तयार नव्हती (आपल्याकडे मुलीला देतात, तिकडे मुलालाही 'देतात' असं दिसतंय). ती म्हणाली, आधी मी मुलीचं घर बघेन, तिची माणसं बघेन, मग बोलेन. आणि माउरो आईच्या शब्दाबाहेर नाही. इशिताने हे जेवताना सांगितलं आणि उठून आत गेली, तिची पोळी तशीच राहिली. तेव्हा काकांनी ठरवलं की त्या बाईला फाटकातून आत पाऊल टाकताच वाटलं पाहिजे की आपण आपल्याच घरी आलो. म्हणून बाग. म्हणून इटालियन. काका एकदा ग्रुप टूरने तिकडे जाऊन आले आहेत, तिथल्या एका बागेत त्यांचा बसमधला नंबर पुकारेपर्यंत ते फिरले होते, तेवढा त्यांचा अनुभव. माउरोला बागेत यायला बंदी केली. सरप्राइज.

आता आत्या, इटालियन बाग म्हणजे काय ते मी तुला सांगतो, कारण मला वाटायचं बाग म्हणजे फुलं. तिथे फुलांचं काही नसतं. तिथे असते शिस्त. डावीकडे एक झाड तर उजवीकडे तस्संच एक झाड. मधोमध लांबट हौद, कडेने छाटलेली कुंपणं, खडी घातलेल्या वाटा, मातीच्या कुंड्यांत लिंबं, टोकाला पुतळा. काका ओळंबा आणि सूत घेऊन उभे राहायचे आणि मला म्हणायचे, अर्धा इंच डावीकडे. कुंडी नाही, मी. कुंडी कुठे ठेवायची ते बघायला तिथे मी उभा असायचो.

आणि गंमत सांगू, मला ते आवडायला लागलं. सकाळी उन्हं चढायच्या आत खडीवरून चालताना पायाखाली जो कर्र कर्र आवाज होतो ना, त्यात एक मोठेपणा असतो, आपण जमीनदार असल्यासारखं वाटतं. छाटलेल्या कुंपणावरून तळहात फिरवला की नुकत्याच न्हाव्याकडून आलेल्या मुलाच्या डोक्यासारखं लागतं. ज्या माणसाला आयुष्यात एक रेघ सरळ काढता आली नाही त्याने वीस फूट कुंपण एका पातळीत आणलं, हे बाबांना सांग. (वीस नसेल, पण सांग वीस.) संध्याकाळी काका आणि मी पायरीवर बसून दोन्ही बाजू सारख्या दिसतात का ते नुसते बघत बसायचो. मी एका जागी इतका वेळ बसलेला तू कधी पाहिला नसशील.

पण सिंगापुरात इटालियन बाग म्हणजे वाघाला कंगवा. तिकडे म्हणे थंडीत झाडं झोपतात. इथे झाडांना रविवारसुद्धा नाही. सोमवारी छाटलेलं कुंपण गुरुवारी माझ्या दाढीसारखं. कुंपण कुंतीचं, आणि कुंतीला फुलं आली की काकू पहाटे उठून वेचायच्या, काका म्हणायचे फूल आलं म्हणजे छाटणी चुकली, आणि या एका मुद्द्यावर दोघांनी आठवडाभर माझ्यामार्फत संभाषण केलं. मग सायप्रस. इटालियन बागेचा प्राण म्हणजे हे सायप्रस, उंच, काळपट, मिटलेल्या छत्रीसारखं झाड. काकांनी दोन्ही बाजूंना ओळीने लावले. आमच्या पावसाने ते बुंध्यापासून कुजले, एकेक करून, तेही डावा-उजवा असे जोडीने, शेवटपर्यंत शिस्तीत. मग नर्सरीतून त्यांच्या जागी काय आलं असेल? उभा अशोक. आपल्याकडे प्रत्येक पंचायत समितीच्या आवारात असतो तो. मी म्हटलं, काका, हे तर तहसील कचेरीसारखं दिसतंय. काका म्हणाले, संध्याकाळी बोलवू, अंधारात पानं कोण बघतंय.

लिंबाच्या झाडांना पानं आली, काटे आले, लिंबू आलं नाही. तेव्हा मी सुपरमार्केटातून पिवळीधमक लिंबं आणून दोऱ्याने बांधली. काकूंनी शेजारी एकेक हिरवी मिरची बांधली, दृष्ट नको लागायला म्हणून. मिरच्या काकांनी काढल्या. काकूंनी परत बांधल्या.

हौदाचं दुःख वेगळं. हे डेंग्यूचं वर्ष. इथे घरोघरी तपासायला माणसं येतात आणि बशीभर पाणी साठलेलं दिसलं तरी दंड. आमच्याकडे अख्खा हौद, आणि कारंज्याचा पंप दिवसाआड रुसायचा. शेवटी काकांनी मन घट्ट केलं, पाणी काढलं आणि हौदात काठोकाठ पांढरे खडे भरले. इटलीत म्हणे असंही असतं. लांबट, संगमरवरी काठाचा, पांढऱ्या खड्यांनी भरलेला चौकोन. मला वाटलं सुंदर दिसतोय. आत्या, हे वाक्य नीट लक्षात ठेव.

राहिला पुतळा, आणि पुतळा आणायचं माझ्याकडे आलं. इटालियन पुतळे कसे असतात ते तुला ठाऊक नसेल, नसलेलंच बरं. काकू म्हणाल्या, जावयासमोर असली उघडी बाई मी दारात उभी करणार नाही, बाई ठेवायची तर नीट नेसवलेली ठेवा. नेसवलेली इटालियन बाई शोधत मी सगळं शहर हिंडलो. शेवटी एका गल्लीत एका दगडकाम करणाऱ्या चिनी म्हाताऱ्याच्या अंगणात ती सापडली. डोक्यावरून पदर, मान खाली, एक हात कपाळाशी, दुसऱ्या हातात फुलांचं कडं. पायाची बोटंसुद्धा दिसत नाहीत. त्याच्याकडे बाकी सगळ्या पाट्या होत्या, संगमरवरी, नावं कोरलेल्या. मला वाटलं बंगल्यांवर लावायच्या. काहींवर जन्मसालही होतं; म्हटलं, हौशी लोक. म्हाताऱ्याने फार मऊ आवाजात विचारलं, "फॉर हू, आह?" मी म्हटलं, "माय अंकल अँड आंटी." तो थबकला. "बोथ?" मी म्हटलं, बोथ. त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला, आतून मला थंड चहा आणून दिला आणि पुतळा स्वतः टेम्पोत चढवला. मी घरी येऊन सांगितलं की इथले व्यापारी फार प्रेमळ असतात. काकूंनी पुतळा पाहिला आणि म्हणाल्या, घरंदाज दिसते.

पुतळा हौदाच्या एका टोकाला बसला. मग काकांना दुसरं टोक रिकामं दिसायला लागलं, एका बाजूला काही आणि दुसऱ्या बाजूला काही नाही हे त्यांना चालतच नाही. तिथे काय ठेवावं यावर चर्चा सुरू असताना काकू आत गेल्या आणि आजीचा फोटो घेऊन आल्या. तो अंडाकृती फ्रेमचा, तुझ्याकडेही आहे. म्हणाल्या, नातीच्या सासरचे येणार, आजीने बघायला नको का? आजी चौथऱ्यावर बसली.

पाहुण्यांचा दिवस ठरला दोन नोव्हेंबर. इथे त्या दिवशी दिवाळीची सुट्टी, आपली नरकचतुर्दशी, आणि त्यांनाही तेव्हा रजा मिळत होती. पहाटे अभ्यंगस्नानं झाली, मी कारीट म्हणून छोटी काकडी फोडली, आणि मग लिटल इंडियातून शेवंती आणली. पिवळी, पांढरी, टोपल्या भरून. दाराला शेवंतीचं तोरण, पुतळीच्या गळ्यात शेवंती, आजीला शेवंतीचा हार, व्याहीणबाईंसाठी तर काकूंनी खास जाड हार ओवून घेतला. संध्याकाळी मी पणत्या लावल्या. खडीच्या दोन्ही कडांनी, प्रत्येक अशोकाच्या बुंध्याशी, हौदाच्या चारी बाजूंनी आणि एक आजीपुढे. घरातले विजेचे दिवे मालवले. वारा पडलेला होता. मी फाटकापाशी उभा राहून बघितलं आणि खरं सांगतो, माझ्या अंगावर काटा आला. म्हटलं, हीच इटली.

बरोबरच होतं माझं. इटलीच होती. फक्त कुठली, ते मला माहीत नव्हतं.

टॅक्सीतून आधी सिन्योर उतरले, माउरोचे वडील, बुटके, चष्मेवाले, हसरे. मग माउरो. मग व्याहीणबाई लुचियाना, काळ्या पोशाखात, हातात पर्स घट्ट धरलेली, डोळे सुजलेले. इशिताने वाकून नमस्कार केला, तोही त्यांना समजला की नाही कोण जाणे, कारण त्या तिच्या डोक्यावरून आत बघत होत्या. त्यांनी अशोकांची ओळ बघितली. पणत्या बघितल्या. पुतळी बघितली. पांढऱ्या खड्यांचा तो लांबट चौकोन बघितला, त्याच्या उशाशी हार घातलेला, दिवा लावलेला म्हाताऱ्या बाईचा अंडाकृती फोटो बघितला. तेवढ्यात काकूंनी पुढे होऊन त्यांच्या गळ्यात शेवंतीचा हार घातला. बाईंनी छातीवर क्रूस काढला आणि एक पाऊल मागे घेतलं. माउरो पांढरा पडला होता. माणूस पांढरा पडतो म्हणजे खरोखर कसा दिसतो ते मी तेव्हा पाहिलं, पुतळीच्या शेजारी ओळखू आला नसता.

आणि काकांचं भाषण पाठ होतं. ते पुढे झाले, हात जोडले, सगळ्या बागेवरून हात फिरवला आणि म्हणाले, "धिस वी मेड फॉर यू. नाउ यू कॅन रेस्ट हिअर."

त्याच क्षणी एक दोरा तुटून लिंबू खडीवर पडलं, ते सगळ्यांना ऐकू आलं. माउरो इशिताच्या कानाशी काहीतरी पुटपुटला. इशिताने बापाची बाही धरली आणि अगदी हळू म्हणाली, "पा, इट्स अ सेमेटरी, लाह." काका हसतच होते, कारण हसू उतरवायला त्यांना वेळ लागतो. मग माउरोने चार वाक्यांत जे सांगितलं ते ऐकून आम्ही सगळे उभ्या जागी गार. तिकडे हे सायप्रस लावतात ते मुख्यतः दफनभूमीत. शेवंती जिवंत माणसाला कोणी देत नाही, ती फक्त मेलेल्यांना. पदर घेतलेली ती घरंदाज बाई म्हणजे थडग्यावर रडायला बसवतात ती. थडग्यावर फोटो असतो, अंडाकृती. आणि दोन नोव्हेंबर हा त्यांच्याकडे मेलेल्यांचा दिवस, आपल्या सर्वपित्रीसारखा, त्या संध्याकाळी अख्खं गाव शेवंती आणि दिवे घेऊन स्मशानात जातं. आत्या, आम्ही एकही गोष्ट विसरलो नव्हतो. कोणी मुद्दाम करायला गेलं असतं तर इतकं जमलं नसतं.

मी इशिताकडे बघितलं. ती रडत नव्हती, नुसती खाली बघत होती, अगदी त्या पुतळीसारखी. मला वाटलं, संपलं. चार महिने ओळंबा लावून आम्ही या पोरीच्या लग्नाचं थडगं बांधलं, आणि त्यावरची बाई मी स्वतः टेम्पोतून आणली.

तेवढ्यात व्याहीणबाई चालायला लागल्या. टॅक्सीकडे नाही, आत. कर्र कर्र करत हौदापर्यंत गेल्या, काठाशी गुडघे टेकले आणि रडायला लागल्या. आपल्याकडे माहेरची माणसं भेटल्यावर बायका रडतात तसं, मोठ्याने. रडता रडता इटालियनमध्ये बोलत राहिल्या आणि माउरो अडखळत सांगत राहिला. त्यांची आई गेल्याला बरीच वर्षं झाली. दर वर्षी या दिवशी त्या तिच्या थडग्यावर दिवा लावतात, एकदाही चुकलं नाही. या वर्षी पहिल्यांदाच चुकलं, या मुलीसाठी, तिचं घर बघायला यायचं म्हणून. विमानात त्या सगळा वेळ रडत होत्या आणि मनात म्हणत होत्या की ज्या घरापायी माझ्या आईचा दिवा राहिला त्या घराशी माझं काय जमणार. "आणि इथे," माउरो म्हणाला आणि त्याचाच आवाज फुटला, "आई म्हणते, या लोकांना हे कसं कळलं? यांनी माझ्या आईसाठी एवढं केलं. स्वतःच्या आईला शेजारी बसवलं, तिला एकटं वाटू नये म्हणून."

काकांचं तोंड उघडं. तुझा भाऊ खरं बोलणारा माणूस, तुला माहीत आहे, शाळेत मास्तरांना स्वतःची कॉपी सांगणारा. त्यांनी खुलासा करायला श्वास घेतला. मला तो श्वास दिसला. काकू हसऱ्या चेहऱ्याने, ओठ न हलवता, मराठीत म्हणाल्या, "हो म्हणा. अहो, नुसतं हो म्हणा."

"येस," काका म्हणाले. मग थोड्या वेळाने, "ऑफ कोर्स."

व्याहीणबाईंनी पर्स उघडली, त्यातून त्यांच्या आईचा छोटा फोटो काढला आणि आजीच्या फोटोला टेकवून ठेवला. गळ्यातला हार काढून दोघींना मिळून घातला. इशिताने न सांगता एक पणती उचलून त्यांच्या हातात दिली. बाईंनी ती ठेवली, उठल्या, आणि पोरीचं तोंड दोन्ही हातांत धरून इतका वेळ बघत राहिल्या की तिला अखेर हसू आलं. मग त्यांनी तिचे मुके घेतले, काकूंचे घेतले, माझेही घेतले. (माझ्या दाढीला त्यांनी काहीतरी म्हटलं. माउरोने भाषांतर केलं नाही.) नंतर फराळ झाला. बाईंनी चकल्या खाल्ल्या, अनारसे नाही. लग्न जानेवारीत ठरलं आहे, आणि इथे नाही, मिरजेला. ते त्यांचंच म्हणणं. मी अजून धक्क्यातच आहे. रात्री झोपेत मी "बोथ" असं ओरडलो म्हणे.

काकांचे आणि काकूंचे तुला अनेक नमस्कार. बाबांना माझं वीस फुटांचं सांगायला विसरू नकोस. गुडघ्याला ऊन दाखवत जा.

तुझाच,
क्षितिज

ता. क. — एक तुलाच सांगतो. चकली खाताना सिन्योर मला कोपऱ्यात घेऊन गेले आणि मोडक्या इंग्रजीत म्हणाले, तुम्हाला आज काय दिवस आहे हे ठाऊक नव्हतं, होय ना? मी लिंबाच्या कुंडीकडे बघितलं. ते म्हणाले, छान. माझ्या बायकोने नकार विमानातच पाठ केला होता. आता तिला कधी सांगू नकोस. मग त्यांनी आणखी एक चकली घेतली आणि झाडाला मिरची कशी लागली ते विचारलं.

ता. ता. क. — हे पत्र खरं म्हणजे काकांनी लिहायचं होतं, पण तीन दिवस ते नुसते पेनाचं टोपण काढतात आणि लावतात. झालं असं की निघताना व्याहीणबाईंनी विचारलं, या आजींचं थडगं कुठे आहे, मला तिथे माझ्या हाताने दिवा लावायचा आहे. काकूंना एकदा 'हो' म्हणण्याची चटक लागलेली. त्या म्हणाल्या, मिरजेला, नणंदेच्या परसात. म्हणून तर लग्न मिरजेला. बाई तिथे लावायला सायप्रसचं रोपही आणणार आहेत. आत्या, आजीच्या अस्थी तू स्वतः कृष्णेत सोडल्यास हे आम्हा सगळ्यांना माहीत आहे, पण आता त्यांना कोण सांगणार? तेव्हा कपडे धुवायचा दगड आणि शेवगा यांच्या मधली जी जागा आहे, ती चार दिवस मिळावी. फार काही नको. लांबट काठ, पांढरे खडे आणि तो फोटो. मी आधी येऊन ओळंब्यात करून देतो. भाऊबीज भावाने बहिणीला घालायची असते, हे उलटं मागणं आहे, हेही कळतं. पण आजी शेवटपर्यंत म्हणायची ना, साधनाकडे एकदा चांगलं आठ दिवस राहायला जायचं राहिलं. तिची सोय कर.